न कमावणाऱ्याचे नुकसान

भोकर हे कल्याण-निर्मल महामार्गावरचे तालुक्याचे गाव. अवजड वाहने आणि शाळेला निघालेली पोरे यांचा रस्ता इथे एकच. एखादे मूल गाडीखाली सापडून जायबंदी झाले, की तडजोडीला बसलेली शहाणी माणसे ठरलेला हिशोब मांडतात : मूल कमावत नाही, बाप मजूर, मग नुकसान ते किती? दवाखान्याचे बिल घ्या, वर थोडेफार घ्या आणि प्रकरण मिटवा.

या हिशोबाला एके काळी कायद्याचाच टेकू होता. मोटार वाहन कायद्याच्या दुसऱ्या अनुसूचीने 1994 मध्ये उत्पन्न नसलेल्या माणसाची वार्षिक कमाई 15,000 रुपये धरली. हा आकडा 2018 पर्यंत हलला नाही. म्हणजे दिवसाला 41 रुपये. शिवाय मूल पुढे काय झाले असते हे कोणी सांगावे, असाही प्रश्न केला जातो.

पण या युक्तिवादात दोन वेगळे दावे एकमेकांत मिसळले आहेत. मूल दगावते तेव्हा दावा आईबापांचा असतो. त्यांचा आधार किती गेला, हे तिथे अंदाजानेच ठरते. मूल जखमी होते तेव्हा दावेदार ते स्वतः असते, आणि पुढची पन्नास-साठ वर्षे ते अपंगत्व त्यालाच वागवायचे असते. पंचावन्न वर्षांच्या माणसाचा पाय गेला, तर कमाईची थोडी वर्षे बुडतात. आठ वर्षांच्या मुलाचा गेला, तर सगळीच बुडतात. वय कमी म्हणून भरपाई कमी, हा निष्कर्ष गणितातही बसत नाही.

सर्वोच्च न्यायालयाने हे गणित आकड्यांनिशी मांडले आहे. हरियाणातील एक बारा वर्षांची मुलगी 2007 च्या अपघातात कायमची परावलंबी झाली. मोटार अपघात दावा न्यायाधिकरणाने सुमारे 11 लाख दिले, उच्च न्यायालयाने ते 25 लाखांवर नेले. फेब्रुवारी 2020 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने 62 लाख 27 हजार मंजूर केले. त्यासाठी 15,000 चा आकडा बाजूला ठेवून कुशल कामगाराचे किमान वेतन, दरमहा 4,846 रुपये, धरले आणि त्यात भविष्यातील वाढीसाठी 40 टक्के मिळवले. त्याहून मोठी रक्कम तिची देखभाल करणाऱ्यांसाठी होती : दोन माणसे, प्रत्येकी महिना 5,000, वयानुसार गुणक 18, एकूण 21 लाख 60 हजार. मुलीची कमाई शून्य होती. तिला आयुष्यभर लागणारी माणसे मात्र शून्य नव्हती. 2025 मध्ये याच न्यायालयाने मुलांच्या दाव्यात संबंधित राज्यातील कुशल कामगाराचे किमान वेतन धरावे, असे स्पष्ट केले. त्यामुळे बापाच्या मजुरीवरून पोराचे भविष्य मोजण्याला आता आधार उरलेला नाही.

दुसरा आक्षेप : मूलच आडवे आले. पण भारतीय न्याय संहितेच्या कलम 20 नुसार सात वर्षांखालील मुलाचे कृत्य गुन्हाच ठरत नाही. ज्या वयाला कायदा गुन्ह्याची समज मानत नाही, त्या वयाकडून ट्रकच्या वेगाचा अंदाज कसा मागायचा? शाळा दिसली की वेग आवरायचा, ही जबाबदारी परवाना असलेल्याची आहे.

तिसरा आक्षेप प्रमाणपत्राचा : अपंगत्व तर वीसच टक्के आहे! पण वाढत्या हाडाच्या टोकाशी वाढीची चकती असते. तिला इजा झाली, तर पाय आखूड पडल्याचे पुढे काही वर्षांनी दिसते. सहा महिन्यांत काढलेल्या कागदावर ते येत नाही. कृत्रिम पायही मूल वाढेल तसा पुन्हा पुन्हा बदलावा लागतो. शिवाय सर्वोच्च न्यायालयाच्या 2011 च्या निकालाने अवयवाचे अपंगत्व आणि कमाईच्या क्षमतेत झालेली घट या दोन गोष्टी वेगळ्या मोजायला सांगितल्या आहेत.

अशाने विमा कंपन्या बुडतील, हा शेवटचा बचाव. तृतीय पक्षाचा विमा सक्तीचा केला, तो अशा जखमींसाठीच. तो खर्च विम्याने उचलला नाही, तर मुलाच्या आईवर पडतो; नाहीसा होत नाही.

म्हणून भोकर परिसरातील पालकांना आणि वकिलांना सांगणे एवढेच : कोऱ्या कागदावर अंगठा देऊ नका. न्यायालयात चालू असलेला अल्पवयीन मुलाचा दावा त्याच्या पालनकर्त्याला न्यायालयाच्या परवानगीशिवाय तडजोडीत मिटवता येत नाही. दिवाणी प्रक्रिया संहितेचा आदेश 32, नियम 7 तसे सांगतो. 2022 पासून दाव्याला सहा महिन्यांची मुदत लागू झाली आहे, ती पाळा. शाळेचा दाखला, प्रत्येक पावती, प्रवासखर्च जपून ठेवा. नांदेडच्या शासकीय वैद्यकीय महाविद्यालयातून प्रमाणपत्र मिळाले तरी डॉक्टरांची साक्ष घ्या. आणि अर्जात देखभालीचा व पुढील उपचारांचा खर्च वेगळा मागा. जे शाबीत केले, त्यावरच न्यायाधिकरण विचार करते.