नामावलीमागचे अँथनी

१९७७ साली मनमोहन देसाई यांचा ‘अमर अकबर अँथनी’ हा चित्रपट प्रदर्शित झाला. भल्यामोठ्या ईस्टर अंड्यातून बाहेर येऊन नाचणाऱ्या अँथनी गोन्साल्विसला पाहून आपण सारेच पोट धरून हसलो. पुढे कित्येक वर्षे कुणी आपले नाव अँथनी सांगितले, की त्याच गाण्याने त्याची थट्टा होई. या नावाचा एक थोर संगीतज्ञ खरोखरच होता आणि गाण्यातील ते नाव म्हणजे संगीतकार प्यारेलाल यांनी आपल्या गुरूला वाहिलेली दक्षिणा होती, हे मात्र आपल्यापैकी फार थोड्यांना ठाऊक होते.

अँथनी गोन्साल्विस यांचा जन्म १९२७ साली गोव्यातील माजोर्डा गावी झाला. त्यांचे वडील गावच्या चर्चमध्ये गायनवृंद सांभाळीत. पोर्तुगीज अमलाखालील गोव्यात चर्चच्या शाळांतून मुलांना सोल्फा, म्हणजे पाश्चात्य स्वरलिपीचे वाचन, आणि व्हायोलिन शिकविले जाई. मिस्सेला व सणासुदीला गायक-वादक मिळावेत, हा त्यामागचा साधा हेतू. परंतु गावात पोट भरण्याची सोय नव्हती. तेव्हा हीच विद्या गाठीशी बांधून अनेक तरुणांनी मुंबई गाठली, धोबी तलाव परिसरातील आपापल्या गावाच्या कुडात पेटी ठेवली आणि हॉटेलांतील बँडमध्ये व चित्रपटांच्या वाद्यवृंदांत ते वाजवू लागले. १९४३ साली गोन्साल्विस नौशाद यांच्याकडे व्हायोलिनवादक म्हणून दाखल झाले. पुढे ते अरेंजर, म्हणजे संगीत संयोजक, म्हणून नावाजले.

हे काम नेमके कोणते, ते समजून घेतले पाहिजे. संगीत दिग्दर्शक पेटीवर चाल बांधी. पण पुष्कळांना पाश्चात्य स्वरलिपी अवगत नसे. उलट व्हायोलिन, चेलो, ट्रंपेट वाजविणारे बहुतेक वादक समोरच्या कागदावरून वाजवीत. या दोहोंमधला दुवा म्हणजे अरेंजर. मुखडा आणि अंतरा यांमधील संगीत, गायकाच्या आवाजामागील स्वरमेळ आणि प्रत्येक वाद्याचे स्वतंत्र पान तो लिहून काढी. गाणे सलग मुद्रित होत असे. अखेरच्या ओळीत एकाचा हात चुकला, तरी साऱ्यांना पुन्हा आरंभापासून वाजवावे लागे.

गोव्याचेच सेबॅस्टियन डिसोझा यांनी शंकर-जयकिशन यांच्यासाठी हे काम दोन दशकांहून अधिक काळ केले. पडद्यावर दत्ताराम यांच्यासोबत त्यांचे नाव येई, ते ‘सहायक’ म्हणून. चाल संगीत दिग्दर्शकाची, तिचे श्रेय त्याचेच. ते कुणी हिरावून घेऊ नये. परंतु त्या चालीभोवती व्हायोलिनांचा जो भव्य मंडप उभा राहिला, त्याच्या कारागिराला ‘सहायक’ हा एक शब्द पुरेसा होता काय? कित्येक वादकांच्या वाट्याला तर तोही आला नाही.

गोन्साल्विस यांची ओढ चित्रपटापलीकडची होती. भारतीय राग आणि पाश्चात्य वाद्यवृंद यांची सांगड घालण्यासाठी त्यांनी १९५८ साली ‘सिंफनी ऑर्केस्ट्रा ऑफ इंडिया’ उभा केला. मुंबईच्या सेंट झेवियर्स कॉलेजच्या प्रांगणात झालेल्या मैफलीत लता मंगेशकर आणि मन्ना डे गायले. १९६५ साली ते अमेरिकेत सिराक्यूज विद्यापीठात गेले. परतल्यावर मात्र ते चित्रपटसृष्टीपासून दूर, माजोर्ड्यातच राहिले. १८ जानेवारी २०१२ रोजी त्यांचे निधन झाले. तोवर सिंथेसायझर आणि नव्या मुद्रणतंत्रामुळे मोठ्या वाद्यवृंदांचा काळही सरला होता.

ध्वनिमुद्रण आटोपले, की ती हस्तलिखित पाने निरुपयोगी ठरत. पुष्कळशी रद्दीत गेली. गाणी आजही ऐकू येतात. ज्या हातांनी ती लिहिली, त्यांची अक्षरे मात्र हरवली.

म्हणून आमची एक विनंती. आपल्या घरी आजोबांची व्हायोलिनची पेटी असेल, माळ्यावर पाच रेघांचे पिवळे कागद असतील, तर ते फेकण्यापूर्वी क्षणभर थांबा. त्यांच्यावर नाव आणि साल लिहून ठेवा. दर रविवारी वेदीपाशी पेटी वाजविणाऱ्याचे नाव तरी आपल्यापैकी किती जणांना सांगता येईल? विस्मृतीचा आरंभ तेथूनच होतो.