'सावकारी पाश' आणि आपलं खामगाव

कर्जात बुडालेल्या शेतकऱ्याचा सिनेमा म्हटलं की 'दो बिघा जमीन' आठवतो. तो १९५३ चा. त्याच्या २८ वर्षं आधी, १९२५ मध्ये, कोल्हापूरच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीने 'सावकारी पाश' काढला होता. दिग्दर्शक बाबूराव पेंटर, कथा नारायण हरी आपटे यांची आणि शेतकरी झाले होते तरुण व्ही. शांताराम. पडद्यावर देव आणि राजे गाजत होते त्या काळात एक साधा कुणबी नायक झाला. सावकार कपटाने त्याची जमीन गिळतो, तो गाव सोडतो आणि शहरात गिरणीकामगार होतो. १९३६ मध्ये पेंटरांनीच याचा मराठी बोलपट केला. तोवर तो शेतकरी मुकाच होता.

आता हेच बुलढाण्यातून बघा. १८७५ मध्ये पुणे-नगरकडच्या शेतकऱ्यांनी सावकारांची खतं जाळली, म्हणून १८७९ चा कायदा आला. पण तो पुणे, सातारा, सोलापूर, नगर या जिल्ह्यांसाठी. आपण वऱ्हाडात, कारभारच वेगळा. इकडे १८७० मध्ये खामगावला रेल्वे आली, कापूस मुंबईकडे निघाला. रोख आली, मागोमाग रोखाही आला. धान्याचं कर्ज दिढीने, म्हणजे एका पोत्याला दीड. काहीच फेडलं नाही तर पाच वर्षांत एकाची साडेसात पोती! असा लूप कोडमध्ये लिहिला तर सिस्टीम हँग होते. इथे घर बसतं.

२००६ मध्ये खामगावच्या आमदाराच्या कुटुंबाविरुद्ध सावकारीच्या तक्रारी होत्या. मुख्यमंत्री कार्यालयातून सूचना गेली: या तक्रारी आधी जिल्हा समितीपुढे ठेवा, सरकारी वकिलाचं मत घ्या, मगच गुन्हा नोंदवा. एक शेतकरी कोर्टात गेला. उच्च न्यायालयाने सरकारला २५ हजारांचा दंड केला. सरकार अपिलात गेलं, तर डिसेंबर २०१० मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तो १० लाख केला. तपासात असा हात घालायचा मुख्यमंत्र्यांना अधिकारच नाही, असं कोर्टाने सांगितलं. पेंटरांच्या सिनेमात सावकार एकटा होता. इथे त्याच्या पाठीशी मंत्रालय उभं राहिलं, आणि तरी शेतकरी बोलला.

२०१४ च्या सावकारी कायद्यात एक कलम कामाचं आहे. कागदावर 'खरेदीखत' लिहिलेलं असलं, तरी व्यवहार मुळात सावकारी कर्जाचा होता हे चौकशीत ठरलं, तर सहकार खात्याचा जिल्हा उपनिबंधक ते खत रद्द करून जमीन परत द्यायला लावू शकतो. घरी आबांच्या पेटीत असा कागद असेल, तर तो एकदा उघडून वाचा.