सामायिक कुलूप

संगणक-सुरक्षेकडे येणारा विद्यार्थी बहुधा गूढलेखनाच्या वाटेने येतो. त्यातले गणित देखणे आहे आणि त्याचा मोह पडणे स्वाभाविक आहे. या पुस्तकात मात्र मी तुम्हाला दुसऱ्या दाराने आत घेऊन जाणार आहे. तुम्ही पासवर्ड टाकता, तेव्हा तो बरोबर आहे की नाही हे नेमके कोण ठरवते? लॉगिनची खिडकी फक्त विचारते. लिनक्सवर हा निर्णय काही किलोबाइटांच्या छोट्या फायली घेतात. त्यांच्या नावाच्या शेवटी ‘डॉट एसओ’ ही अक्षरे असतात. ही सामायिक लायब्ररीची खूण. सातबाऱ्यावर सामायिक विहिरीची नोंद असते ना, त्याच अर्थाने सामायिक: फाइल एक, तिच्यावर विसंबणारे प्रोग्रॅम अनेक.

पूर्वी असे नव्हते. युनिक्सवर लॉगिन, फाइल पाठवणे, दुरून जोडणे अशा प्रत्येक प्रोग्रॅमच्या पोटात पासवर्ड तपासण्याचा स्वतःचा कोड असे. तपासण्याची पद्धत बदलायची तर सगळे प्रोग्रॅम उघडून पुन्हा बांधावे लागत. ऑक्टोबर 1995मध्ये सन मायक्रोसिस्टिम्सच्या विपिन समर आणि रोलंड शेमर्स यांनी यावर एक प्रस्ताव मांडला: तपासणी प्रोग्रॅमबाहेर काढा, ती सुट्या मॉड्यूलांत ठेवा आणि कोणते मॉड्यूल कधी चालवायचे हे साध्या मजकुराच्या फाइलीत लिहा. हेच ‘पॅम’. पुढच्याच वर्षी ते रेड हॅट लिनक्समध्ये आले.

पॅममधली मला सर्वांत मोलाची वाटणारी गोष्ट म्हणजे त्याने केलेली कामांची वाटणी. ओळख पटवणे हे एक काम आणि आत सोडणे हे दुसरे. हिरकणीची आख्यायिका आठवा. पहारेकऱ्यांना ती कोण हे ठाऊक होते. तरी सूर्यास्तानंतर दरवाजा उघडायचा नाही हा हुकूम होता. ‘पॅम_टाइम’ हे मॉड्यूल असाच हुकूम पाळते. पासवर्ड अचूक असला तरी वेळ टळली असेल, तर प्रवेश नाही. ‘पॅम_ॲक्सेस’ कोण कुठून येतो आहे हे पाहते. ही मॉड्यूले दारापाशी काम करतात, एवढे मात्र ध्यानात ठेवा. आधीच आत असलेल्याला वेळ संपली म्हणून ‘पॅम_टाइम’ बाहेर काढत नाही.

आणखी एक बारकावा. एखादे मॉड्यूल ‘रिक्वायर्ड’ म्हणून नोंदवले आणि ते नापास झाले, तरी पॅम तिथे थांबत नाही. पुढची मॉड्यूले चालवते आणि नकार शेवटी कळवते. आपण कोणत्या पायरीवर अडलो हे बाहेरच्याला कळू नये, यासाठी ही काळजी. एका शब्दात एवढा विचार बसवणाऱ्यांबद्दल मला आजही आदर वाटतो.

पण सामायिक विहीर बाटली, तर तिचे पाणी सगळ्याच शेतांत जाते. सॉल्टझर आणि श्रोडर यांनी 1975च्या आपल्या निबंधात, अनेकांना सामायिक असलेली यंत्रणा शक्य तितकी कमी ठेवा, असे तत्त्व मांडले होते. ओपनबीएसडी या युनिक्सच्या कुळातल्या प्रणालीने पॅम स्वीकारलेच नाही. तिथे तपासणी वेगळ्या प्रोग्रॅममध्ये होते, लायब्ररी कोणाच्या पोटात शिरत नाही. मला ही भूमिका जास्त सावध वाटते, पण पॅमची लवचीकता तिच्यात नाही.

मार्च 2024मध्ये हा धोका सगळ्यांना दिसला. दुरून जोडण्यासाठी वापरल्या जाणाऱ्या एसएसएच सर्व्हरवर लॉगिन करताना सुमारे अर्धा सेकंद जास्त लागतो आहे, हे आंद्रेस फ्रॉइंड या अभियंत्याला खटकले. तो खोदत गेला, तेव्हा ‘एक्सझेड’ या फायली दाबून लहान करणाऱ्या लायब्ररीच्या 5.6.0 आणि 5.6.1 या आवृत्त्यांत चोरवाट सापडली. मूळ एसएसएचला या लायब्ररीची गरजही नसते. काही लिनक्स वितरणांनी सेवा सुरू करणाऱ्या व सांभाळणाऱ्या ‘सिस्टिमडी’शी जुळवून घेण्यासाठी केलेल्या बदलामुळे ती मागून आत आली होती. प्रवेश तपासणाऱ्या प्रक्रियेत जी जी सामायिक फाइल शिरते, ती ती प्रवेशाच्या निर्णयात हात घालू शकते. पुढची अनेक प्रकरणे याच एका वाक्याभोवती फिरतील.

वाचताना संगणक जवळ ठेवा, शक्यतो ज्यावर कोणाचे काम अडणार नाही असा. ‘ईटीसी’मधल्या ‘पॅम डॉट डी’ फोल्डरमध्ये एसएसएचची फाइल उघडा आणि एकेक ओळ मोठ्याने वाचा. काही बदलण्याआधी दुसऱ्या खिडकीत रूट म्हणून लॉगिन करून ठेवा आणि नवा प्रवेश नीट होतो आहे हे पाहीपर्यंत ती खिडकी बंद करू नका. विद्यार्थी असताना मी एका मॉड्यूलचे नाव एका अक्षराने चुकीचे लिहिले होते. न सापडलेले मॉड्यूल पॅम नापास धरते. त्या दुपारी आमच्या प्रयोगशाळेत कोणालाच लॉगिन करता आले नाही.