मागून आणलेली खुर्ची

मंडळी, 'होम स्टेजिंग' हा शब्द तुम्ही ऐकला असेल. विकायचं घर आधी सजवायचं, गिऱ्हाइकाला दाखवायचं आणि सौदा झाला की सामान उचलून न्यायचं! अमेरिकेत बार्ब श्वार्ट्झ या बाईंनी १९७२ मध्ये हा धंदा सुरू केला, असं सांगतात.

एवढं सामान येतं कुठून? कुणी स्वतःचं गोदाम ठेवतं, कुणी भाड्याने आणतं, कुणी जुन्या बाजारातून घेतं. आज या घरातला सोफा महिन्याभराने दुसऱ्या घरात.

नाटक-सिनेमावाल्यांना यात नवल वाटणार नाही. १९३३ च्या 'आंधळ्यांची शाळा'ने मराठी रंगमंचावर खरीखुरी वाटणारी खोली उभी केली. अशा खोलीला टेबल-खुर्च्या लागणारच. मुंबईत चोरबाजारच्या मटण स्ट्रीटवरून सिनेमाच्या सेटसाठी जुनं फर्निचर भाड्याने जातं.

आणि आपल्याकडे? मुलगी पाहायला पाहुणे येणार म्हटलं की आमच्या उमरखेडात पोरं खुर्च्या मागायला धावायची. एका घरून खुर्च्या, दुसरीकडून कपबशा, तिसरीकडून सतरंजी. अदलाबदल नको म्हणून भांड्यांवर नावं कोरलेली आणि खुर्चीच्या पाठीमागे रंगाने लिहिलेली. पाहुण्यांनाही ते दिसायचं, पण कुणी बोलत नसे. त्यांच्या घरीही तेच चालायचं ना!

पुढे बिछायत केंद्रं आली. लोखंडी घडीच्या खुर्च्या, मग प्लास्टिकच्या. नगावर भाडं, तुटली तर भरपाई. शेजाऱ्याकडे जायची गरज उरली नाही. 'गेला तो जिव्हाळा' असं आमच्या वयाची माणसं हळहळून म्हणतात.

मला मात्र दुसरी बाजूही आठवते. खुर्ची सगळ्यांनाच मिळत नसे. मागणाऱ्याची जात पाहिली जायची, ऐपत पाहिली जायची. काहींना तर त्या दारात उभं राहायचीही सोय नव्हती. त्यांच्या लेकींचे पाहुणे घोंगडीवरच बसले. बिछायतवाल्याने फक्त 'किती नग?' एवढंच विचारलं. पैसे मोजले की खुर्ची ताठ मानेने घरी आणता आली. हा बदल लहान नव्हे.

म्हणून भाड्याच्या दिवाणखान्याला मी नुसती नावं ठेवत नाही. उसनवारीत माया होती, पण ती मोजक्यांसाठी होती.

असो. तुमच्या गावी खुर्च्या कुठून यायच्या? आणि कुणाला मिळत नसत? जरूर लिहा.