पाद्री कोणाचा?

आमच्या घरांतील तरुण मंडळींना सध्यां एका तऱ्हेच्या इंग्रजी कादंबऱ्यांनीं वेड लावलें आहे. पोप मृत्युशय्येवर पडलेला असतो, कार्डिनल बंद दाराआड मतें मोजीत असतात, कोणाच्या तरी मेजाच्या खणांत एक जुनें पत्र सांपडतें, आणि तें उजेडांत आलें तर एखादें राज्य उलथून पडेल या धास्तीनें वाचक चारशें पानें जागत बसतो. आम्हीही त्यांतल्या दोनतीन वाचल्या. वेळ बरा गेला. पण पुस्तक मिटतांना दर वेळीं एकच वाटलें: या मालासाठीं रोमपर्यंत जाण्याचें कांहीं कारण नव्हतें.

हें आम्ही लिहीत आहों तें भिवंडीलगतच्या शेलार गांवीं. येथील कामवारी नदी खाडीस मिळते, आणि ती खाडी काल्हेर, घोडबंदर अशी वळसे घेत वसईच्या किल्ल्यापाशीं समुद्र गांठते. आज या बाजूस मागांचा खडखडाट आणि गोदामांकडे जाणाऱ्या मालमोटारी यांखेरीज फारसें कांहीं कानांवर पडत नाहीं. साडेतीनशें वर्षांपूर्वीं मात्र ही खाडी दोन राज्यांमधली शीव होती. सन १६५७ मध्यें शिवाजी महाराजांनीं कल्याण-भिवंडी घेतली. पलीकडे ठाणें, साष्टी आणि वसई फिरंग्यांची. महाराजांनीं येथें लढाऊ जहाजें बांधावयास घेतलीं तेव्हां त्या कामावर रुय लैतांव व्हियेगस नांवाचा एक फिरंगी आणि त्याच्या हाताखालचे कारागीर होते. वसईच्या अधिकाऱ्यांनीं त्यांस आपल्याकडे वळविलें, आणि काम टाकून ते पलीकडे निघून गेले. मजुरी कोण देतो यापेक्षां ‘तूं मूळचा कोणाचा?’ हा प्रश्न मोठा, अशी त्या काळची समजूत होती. सुताराला जो प्रश्न विचारला जाई तोच पाद्र्यालाही विचारला जाई. आणि पाद्र्याचें उत्तर द्यावयास मुंबई इलाख्यास जवळजवळ तीन शतकें लागलीं.

हा प्रश्न उत्पन्न कां झाला तें आधीं सांगितलें पाहिजे. पोर्तुगालच्या राजास पोपांनीं एक हक्क दिला होता, त्याचें नांव पाद्रोआदो. राजानें पूर्वेकडे देवळें बांधावीं, पाद्र्यांस वेतन द्यावें, धर्मप्रसाराचा खर्च सोसावा. मोबदल्यांत तेथील बिशप कोण व्हावा हें राजानें सुचवावें. (वसईकडील ख्रिस्ती लोक चर्चला देऊळच म्हणतात, आम्हीही तोच शब्द वापरीत आहों.) ज्याची सनद त्याचा पुजारी, असा हा सरळ व्यवहार असल्यामुळें आमच्याकडील इनामांच्या कज्जांची ज्यांस माहिती आहे त्यांस तो समजावयास कठीण नाहीं. वसई सन १५३४ मध्यें गुजराथच्या बहादुरशहाकडून पोर्तुगीजांस मिळाली. सन १५५७ मध्यें गोव्याची गादी आर्चबिशपची झाली. वसईचा कोट फ्रान्सिस्कन, जेझुइट आणि डोमिनिकन यांच्या मठांनीं भरून गेला. साष्टींत मंडपेश्वरच्या लेण्यांचेंही देऊळ झालें. नेमणूक राजाची, वेतन राजाचें. मग पाद्री राजाचा माणूस झाला यांत नवल नाहीं.

रोमला हें खटकूं लागलें. सन १६२२ मध्यें पोप पंधरावा ग्रेगरी यानें ‘प्रोपागांडा’ नांवाचें खातें काढलें. आज या शब्दाला जो वास येतो तो तेव्हां नव्हता. धर्मप्रसाराचें काम राजांच्या मुठींतून सोडवून रोमच्या हातीं आणावें एवढाच हेतु होता. राजाचा हक्क तर मोडतां येईना. तेव्हां जेथें बिशपची रीतसर गादी नाहीं अशा मुलखांत पोपनें आपला थेट मुखत्यार पाठवावयाचा, अशी युक्ति काढण्यांत आली. त्या मुखत्यारास व्हिकार अपोस्तोलिक म्हणत. आणि हिंदुस्थानांत या जागेसाठीं रोमला पहिला माणूस मिळाला तो गोव्याच्या दिवाडी बेटावरील ब्राह्मण कुळांतला, माथेउस द कास्त्रु.

आमच्या मतें या सबंध इतिहासांत याच्याइतका विलक्षण माणूस दुसरा नाहीं. गोव्याच्या आर्चबिशपनें त्यास दीक्षा देण्याचें नाकारलें. देशी ब्राह्मणास पाद्री करावयाचें नाहीं असा त्या वेळचा कल होता. माथेउस खुष्कीच्या मार्गानें रोमला गेला, तेथें शिकला, पाद्री झाला आणि कागदपत्रें घेऊन गोव्यास परतला. ते कागद खरे मानावयास कोणी तयार होईना. तो पुन्हां रोमला गेला. सन १६३७ मध्यें रोमनें त्यास बिशप केलें. लॅटिन पंथाचा हा पहिला हिंदी बिशप. मग त्यानें अदिलशाही मुलखांत डिचोलीस आपलें ठाणें मांडलें, म्हणजे गोव्याच्या वेशीबाहेर, पण गोव्यास रोज दिसेल इतकें जवळ. पोर्तुगीजांच्या दफ्तरांत तो राजद्रोही आहे: यानें विजापूरकरांस चिथावलें, वेंगुर्ल्याच्या डचांशीं संधान बांधलें, सन १६५४ मध्यें अदिलशाही फौज बारदेशांत शिरली त्यामागें हाच होता. आपल्या जातभाईंस उद्देशून त्यानें ‘ब्राह्मणांचा आरसा’ अशा अर्थाच्या नांवाचें एक प्रखर पत्रक लिहिलें होतें, तेव्हां तो अगदींच निरागस साधु होता असें म्हणण्यास आम्ही तयार नाहीं. परंतु ज्याच्या कपाळीं पोपची मुद्रा असूनही स्वतःच्या गांवांत ज्याला वेदीवर चढूं देत नाहींत, तो वेशीबाहेरच्या बादशहाकडे पाहूं लागला तर त्याचा सगळा दोष त्याच्याच पदरांत घालणें बरोबर नव्हे. अखेर तो रोमलाच वारला. त्याच्यामागें ही जागा कांहीं काळ गोमंतकीयांकडेच होती. पुढें ती कार्मेलाइट पंथाच्या इटालियन पाद्र्यांकडे गेली, आणि ‘थोर मोगलांच्या मुलखाचा व्हिकार’ असें तिचें भारदस्त नांव पडलें. हें नांव वाचकांनीं ध्यानांत ठेवावें. मुंबईंत त्याची पुन्हां गांठ पडावयाची आहे.

मुंबई सन १६६१ च्या लग्नकरारानें इंग्लंडच्या दुसऱ्या चार्ल्सकडे आंदण म्हणून गेली. गोव्याचा व्हाइसरॉय आंतोनियु द मेलु द कास्त्रु यास हें आंदण फार जड गेलें. इंग्रज मुंबईंत स्थिरावले कीं त्याच दिवशीं हिंदुस्थान आपल्या हातचा गेला, अशा आशयाचें त्यानें राजास लिहिलें. पण १६६५ मध्यें ताबा द्यावाच लागला. १६६८ मध्यें चार्ल्सनें तें बेट वर्षास दहा पौंड भाड्यानें कंपनीच्या हवालीं केलें. करारांत कॅथलिक प्रजेच्या उपासनेस हात लावणार नाहीं असें कलम होतें, आणि इंग्रजांनीं तें पाळलें. परिणाम असा झाला कीं, प्रजा इंग्रजांची, आणि रविवारीं तिला उपदेश करणारा शेजारच्या राज्याचा वेतनदार. पन्नासांहून अधिक वर्षें हें निभलें याचेंच आम्हांस आश्चर्य वाटतें.

तें मोडलें सन १७२० मध्यें. चार्ल्स बून हा गव्हर्नर होता. कान्होजी आंग्र्यांवर त्यानें १७१७ मध्यें विजयदुर्गाकडे आणि १७१८ मध्यें खांदेरीकडे आरमार पाठविलें, आणि दोन्ही वेळां हात हालवीत परत यावें लागलें. हरलेल्या सरकारास फितुरी फार लौकर दिसूं लागते. मुंबईंत रामा कामती नांवाचा सारस्वत सावकार होता. वाळकेश्वरचें देऊळ त्यानें पुन्हां उभारलें होतें. कंपनीला शिपाई पुरविण्यांतही तो पुढें असे. १७१८ च्या नाताळच्या दिवशीं इंग्रजांचें सेंट थॉमसचें देऊळ उघडलें तेव्हां तो आपल्या ज्ञातिबांधवांसह येऊन उपासना संपेपर्यंत बाहेर कौतुकानें उभा होता, अशी त्या देवळाच्या पाद्र्यानेंच नोंद करून ठेवली आहे. दोन वर्षें उलटलीं नाहींत तोंच याच माणसावर आंग्र्यांशीं पत्रव्यवहार केल्याचा खटला उभा राहिला. पत्रें पुढें आलीं, त्यांवर त्याची मोहोर होती. त्याचा कारकून गोविंदजी कांहीं कबूल करीना; त्याच्या अंगठ्यांस लोखंडी चाप आवळले तेव्हां तो बोलला. रामा कामतीला जन्माची कैद झाली, मालमत्ता जप्त झाली, आणि १७२८ मध्यें तो कैदेंतच मेला. तीं पत्रें आणि ती मोहोर बनावट होती असें पुढील अभ्यासकांनीं दाखविलें आहे. कादंबरीकारास याहून काय हवें?

त्याच वर्षीं मे महिन्यांत बूननें दुसरा हुकूम काढला. गोव्याच्या आर्चबिशपच्या हुकमतींतील पोर्तुगीज फ्रान्सिस्कनांनीं मुंबईचीं देवळें सोडावीं, आणि त्यांच्या जागीं कार्मेलाइटांनीं यावें. ‘थोर मोगलांच्या मुलखाचा’ जो व्हिकार, तो बिशप मॉरिस, इंग्लंडच्या राजाशीं इमान राखण्याची शपथ घेऊन मुंबईंत दाखल झाला. माथेउससाठीं निर्माण केलेली जागा अशा रीतीनें मुंबईच्या देवळांची मालकीण झाली. या दोन प्रकरणांकडे इतिहासकार निरनिराळ्या प्रकरणांत पाहतात, एकाकडे आंग्र्यांच्या आणि दुसऱ्याकडे मिशनच्या. आम्हांस तीं एकाच डोक्यांतून निघालेलीं दिसतात. बून प्रॉटेस्टंट, पोपशीं त्याचें प्रेम असण्याचें कारण नव्हतें. तरी त्यानें पोपचाच माणूस आणून बसविला. कारण रोमजवळ आरमार नव्हतें, आणि गोवा जवळ होता. यांत धर्ममताचा कोठें प्रश्नच नव्हता. जुन्या पाद्र्याची मिस्सा लॅटिनमध्यें होती, नव्याचीही तीच.

मराठ्यांनीं हा प्रश्न निराळ्या रीतीनें सोडविला, तो फारसा ठरवून नव्हे. मे १७३९ मध्यें चिमाजी आप्पांनीं वसई घेतली. तहांत मागें राहणाऱ्या ख्रिस्ती लोकांस त्यांचा धर्म चालविण्याची मोकळीक होती. गोरे पाद्री निघून गेले, आणि साष्टी-वसईचीं देवळें देशी पाद्र्यांच्या हातीं आलीं. १७६० च्या सुमारास आंकेतील दुपेराँ हा फ्रेंच विद्वान् साष्टींत हिंडला. त्यास उत्सव आणि मिरवणुकी उघडपणें चालू असलेल्या दिसल्या, आणि त्या चालविणारे काळे पाद्री पाहून तो चकित झाला. रोमला दोनदां पायपीट करून माथेउसला जें मिळालें नाहीं तें त्याच्या देशबांधवांस पेशव्यांच्या तोफांनीं नकळत मिळवून दिलें. चिमाजी आप्पांच्या मनांत तें मुळींच नव्हतें, हें उघड आहे.

मुंबईंत मात्र गुंता वाढतच गेला. लिस्बनच्या रदबदलीमुळें कंपनीनें १७८९ मध्यें देवळें पुन्हां गोव्याकडे दिलीं. १७९१ मध्यें तीं कार्मेलाइटांस परत केलीं. आणि तक्रारी थांबेनात तेव्हां १७९४ मध्यें कंटाळून वांटणी केली. माझगांवचें ग्लोरिया आणि माहीमचें साल्व्हासांव गोव्याकडे. एस्पेरांसा आणि माहीमचेंच सेंट मायकेल रोमच्या मुखत्याराकडे. एका गांवांत दोन बिशप झाले. वरून पाहणाऱ्यास हा हद्दीचा कज्जा वाटेल. परंतु एक बाजू दुसऱ्या बाजूच्या पाद्र्यास अनधिकारी म्हणूं लागली, कीं त्यानें लावलेलें लग्न लग्न होय कीं नव्हे, ही शंका थेट स्वयंपाकघरापर्यंत जाते. पोपनें १८३८ मध्यें पाद्रोआदोचा हक्क बव्हंशीं काढून घेतल्याचें जाहीर केल्यावर या शंकेस धारच चढली.

मार्च १८५३ मध्यें तिचा स्फोट झाला. सेंट मायकेलच्या लोकांतील मोठ्या पक्षानें गोव्याकडे जाण्याचें ठरविलें. रोमचा बिशप आनास्तासियुस हार्टमान, कॅपुचिन पंथाचा स्विस गृहस्थ, स्वतः देवळांत जाऊन बसला आणि मरेन पण देऊळ सोडणार नाहीं म्हणाला. लोकांनीं बाहेरून वेढा दिला आणि अन्नाची वाट बंद केली. पंधराएक दिवस बिशप आंत, त्याचेच धर्मबांधव बाहेर, आणि अखेर हा वेढा उठविला तो इंग्रज अधिकाऱ्यांनीं. दोन्ही पक्षांचा श्रद्धाभाव खरा होता याविषयीं आम्हांस शंका नाहीं; तसें नसतें तर पंधरा दिवस कोणी टिकलें नसतें.

पुढील हकीकत थोडक्यांत. १८८६ च्या तहानें दोन बिशपांचीं दोन क्षेत्रें आंखलीं गेलीं. १९२८ मध्यें तीं एक करण्यांत आलीं, आणि अट ठरली कीं मुंबईचा आर्चबिशप आळीपाळीनें एकदां पोर्तुगीज आणि एकदां ब्रिटिश प्रजाजन असावा. ज्या गांवांत १९२८ मध्यें सायमन कमिशनला काळीं निशाणें दाखविलीं गेलीं, त्या गांवाच्या बिशपविषयींचा हा करार लिस्बन आणि रोम यांनीं केला! पहिली पाळी पोर्तुगीज लीमा यांची झाली; १९३७ मध्यें इंग्रज जेझुइट टॉमस रॉबर्ट्स आले. आपल्यामागें पुन्हां पोर्तुगीज पाळी येणार, आणि ती स्वतंत्र होऊं पाहणाऱ्या देशांत शोभणार नाहीं, हें रॉबर्ट्स यांनीं ओळखलें. त्यांनीं व्हॅलेरियन ग्रेशस यांस सहायक बिशप करून घेतलें, १९४६ मध्यें कारभार त्यांच्यावर सोंपवून मुंबई सोडली, आणि परत येण्याचें टाळीत राहिले. आर्चबिशप जागेवर आहे पण गांवांत नाहीं, अशीं चार वर्षें गेलीं. जुलै १९५० मध्यें पोर्तुगालनें आपला हक्क सोडला, रॉबर्ट्स यांचा राजीनामा मंजूर झाला, आणि गोमंतकीय आईबापांचे पुत्र ग्रेशस मुंबईचे आर्चबिशप झाले. माथेउसला बिशप केल्यास तेव्हां ३१३ वर्षें झालीं होतीं.

माहीमचें सेंट मायकेल त्याच जागीं आहे. इमारत नवी आहे. १९४८ पासून तेथें दर बुधवारीं नोव्हेना चालते, आणि मेणबत्त्या घेऊन सर्व धर्मांचीं माणसें रांगेंत उभीं असतात. आमच्या भिवंडीकडूनही कांहीं जातात.