आजोबांची निवड : यिडिश वाङ्मयपरंपरेच्या घडणीविषयी

१८८८ साली कीव्हमध्ये शोलेम आलेखेम या टोपणनावाने लिहिणाऱ्या एकोणतीस वर्षांच्या तरुणाने स्वतःच्या पैशाने 'दी यिडिशे फोल्क्सबिब्लिओटेक' हा वार्षिक ग्रंथ काढला. त्याला जोडून आलेली आपली 'स्टेम्पेन्यु' ही कादंबरी त्याने मेंदेले मोखेर-स्फोरिम यांना अर्पण केली. अर्पणपत्रिकेतील संबोधन होते 'झेयदे', म्हणजे आजोबा. या आजोबांनी तेव्हा पन्नाशी नुकतीच ओलांडली होती आणि त्यांच्या पहिल्या यिडिश गद्यकृतीला अवघी चोवीस वर्षे झाली होती. त्याच वर्षी शोलेम आलेखेमने आणखी एक पुस्तिका लिहिली. तिच्यात शोमेर या अफाट लोकप्रिय कादंबरीकारावर साहित्याच्या न्यायालयात खटला भरलेला आहे. एकाला पूर्वजपद आणि दुसऱ्याला आरोपीचा पिंजरा, असे हे एकाच कृतीचे दोन भाग आहेत. त्या कृतीने यिडिश वाङ्मयाला काय मिळवून दिले हे वारंवार सांगितले गेले आहे. तिने काय दृष्टीआड केले याची चर्चा त्या मानाने कमी होते.

यिडिश भाषेचा उगम सामान्यतः इसवी सनाच्या दहाव्या शतकाच्या आसपास, जर्मन भूप्रदेशातील ज्यू वस्त्यांत मानला जातो. तो ऱ्हाइनकाठी झाला की पूर्वेकडे डॅन्यूबकाठी, हा वाद मिटलेला नाही. भाषेची बांधणी मात्र स्पष्ट आहे. व्याकरणाचा सांगाडा आणि बहुसंख्य शब्द जर्मन, धर्म, विद्या आणि कालगणनेचे शब्द हिब्रू-अरामी, काही जुने शब्द रोमान्स भाषांतले, आणि ज्यू समाज पोलंड-लिथुआनियाकडे सरकल्यावर मिसळलेला स्लाव्ह घटक. 'झेयदे' हा शब्दही स्लाव्हच. माक्स वाइनराइख यांनी अशा भाषेला मिश्रण न म्हणता संयोग म्हटले, कारण हे घटक शेजारी-शेजारी पडलेले नसतात. ते परस्परांचे अर्थ ठरवतात. पुस्तक या अर्थाचे दोन शब्द पाहावेत. हिब्रूतून आलेला 'सेयफर' म्हणजे धर्मग्रंथ. जर्मन घटकातला 'बुख' म्हणजे इतर कोणतेही पुस्तक. पावित्र्याची उतरंड अशी शब्दसंग्रहातच रुजलेली होती. यिडिशमध्ये कादंबरी लिहिणाऱ्याच्या हातून जे निर्माण होई ते 'बुख'. त्याचा 'सेयफर' होण्याची सोय भाषेनेच ठेवलेली नव्हती.

या उतरंडीचे सर्वांत जुने दृश्य रूप १२७२ सालच्या वोर्म्स प्रार्थनाग्रंथात आढळते. हे हस्तलिखित आज जेरुसलेमच्या राष्ट्रीय ग्रंथालयात आहे. त्यातील एका हिब्रू शब्दाच्या मोठ्या अक्षरांच्या पोकळीत कोणीतरी एक यमकबद्ध यिडिश ओळ लिहून ठेवली आहे. हा जड ग्रंथ सभागृहात वाहून नेणाऱ्याला तीत आशीर्वाद दिला आहे. कालनिश्चिती झालेले हे पहिले यिडिश वाक्य. पवित्र अक्षरांच्या आतली मोकळी जागा एवढेच त्याला मिळालेले स्थान होते.

मराठी वाचकाला येथे संस्कृत आणि मराठी यांच्या संबंधाची आठवण होणे स्वाभाविक आहे. परंतु ती फार ताणू नये. लोकभाषेतून अध्यात्म सांगणारा ज्ञानेश्वरांसारखा कवी मराठीच्या आरंभकाळातच उभा आहे आणि तिच्या परंपरेने तो कधी नाकारलेला नाही. यिडिशच्या आधुनिक लेखकांनी मात्र आपल्या भाषेचे जुने भक्तिपर वाङ्मय पूर्वपरंपरा म्हणून जवळजवळ स्वीकारलेच नाही. हे वाङ्मय लहान नव्हते. यानोव्हच्या याकोव बेन यित्झखाक आश्केनाझी यांच्या 'त्सेने-रेने'ची उपलब्ध असलेली सर्वांत जुनी छापील आवृत्ती १६२२ ची आहे. आठवड्याच्या पठणक्रमाने बायबलमधील कथा, भाष्ये, आख्यायिका आणि उपदेश एकत्र गुंफणारा हा ग्रंथ पूर्व युरोपातील घराघरांत शनिवारी दुपारी वाचला जाई. त्याच्या शीर्षकातील दोन्ही क्रियापदे स्त्रीलिंगी आज्ञार्थी आहेत : बाहेर या, पाहा. 'त्खिनेस' या खासगी प्रार्थनाही स्त्रियांसाठीच होत्या आणि त्यांतील काही स्त्रियांनीच रचलेल्या होत्या. यिडिश पुस्तकांसाठी हिब्रूहून वेगळा टंक वापरला जाई. त्याचे नाव 'वायबरताइच', म्हणजे बायकांचे भाषांतर. हिब्रू न येणारे पुरुषही हीच पुस्तके वाचत. पण प्रस्तावनांत त्यांचा उल्लेख 'बायकांसारखेच असलेले पुरुष' अशा आडवळणाने केला जाई. भाषेचा दर्जा आणि वाचकाचे लिंग असे एकमेकांना बांधलेले होते.

एकोणिसाव्या शतकातील ज्यू प्रबोधनवाद्यांनी, म्हणजे मास्किलांनी, या भाषेला 'झार्गोन' म्हटले. त्यांच्या लेखी ती बिघडलेली जर्मन होती. तरीही लोकांना सुधारायचे तर लोकांना कळेल असे लिहिणे भाग होते. १८६२ मध्ये ओडेसातील हिब्रू साप्ताहिक 'हामेलित्स'ची यिडिश पुरवणी म्हणून 'कोल मेवासेर' निघाली ती या नाइलाजातून. १८६४ मध्ये तिच्यातच शोलेम यांकेव अब्रामोविच या हिब्रू लेखकाची 'दोस क्लेयने मेंचेले' ही कथा क्रमशः येऊ लागली. यिडिशमध्ये लिहिल्याने आपली प्रतिष्ठा जाईल ही त्या वेळची धास्ती त्यांनी पुढे १८८९ च्या आत्मवृत्तपर टिपणात नोंदवली आहे. कथा निनावी होती. तिचा निवेदक मेंदेले हा घोडागाडीतून गावोगाव हिंडणारा पुस्तकविक्या. डॅन मायरन यांनी १९७३ च्या आपल्या ग्रंथात दाखवून दिले आहे की मेंदेले हे निव्वळ टोपणनाव नाही; ते एक स्वतंत्र पात्र आहे आणि लेखक व त्याचा तिरस्कृत वाचक यांच्यामध्ये ते उभे आहे. या विवेचनाला मी एकच गोष्ट जोडू इच्छितो. मेंदेलेच्या गाडीत काय माल असतो? प्रार्थनेची पुस्तके, त्खिनेस, बायकांची पोथ्यापुस्तके. आधुनिक यिडिश गद्य वाचकाच्या दारी आले ते जुन्या यिडिश वाङ्मयाच्या गाडीत बसून. गाडीवान आजोबा ठरला. गाडीतल्या मालाला वंशावळीत जागा मिळाली नाही.

शोमेरवरील खटला या संदर्भात वाचायला हवा. नोखेम मेयेर शायकेविच हे त्यांचे खरे नाव. त्यांच्या कादंबऱ्यांतून मोलकरणी अकस्मात धनवान होत, हरवलेली मुले सापडत, खलनायकांना शासन होई. त्यांचा वाचकवर्ग मुख्यतः स्त्रिया आणि कष्टकऱ्यांचा होता. शोलेम आलेखेमचा आरोप असा की या कादंबऱ्यांत ज्यू जीवन नाही आणि त्या परकीय कथानकांच्या उसनवारीवर पोसलेल्या आहेत. आरोप बराचसा खरा आहे. शोमेरचे रहस्यरंजन आज सहन होणे कठीणच. परंतु खटल्याचे खरे प्रयोजन अभिरुचीची सीमा आखणे हे होते. ज्या भाषेला राज्य नाही, विद्यापीठ नाही, अकादमी नाही, तिच्यात अभिजात काय हे ठरवण्याची जबाबदारी एका तरुण लेखकाने खिशातले पैसे घालून पत्करली. १८९० मध्ये सट्ट्यात तो बुडाला आणि वार्षिक दोन खंडांतच थांबले. त्याने आखलेली सीमा मात्र टिकली. मेंदेले, शोलेम आलेखेम आणि पेरेत्झ (ज्यांचे 'मोनिश' हे दीर्घकाव्य याच वार्षिकातून आले) ही त्रयी 'क्लासिकर' ठरली. तिघेही १९१५ ते १९१७ या तीन वर्षांत गेले, तेव्हा त्यांच्या मागे संस्थात्मक स्मरण उभे राहू लागले होते.

१९०८ च्या चेर्नोव्हित्झ परिषदेत यिडिश ही ज्यू लोकांची 'एक' राष्ट्रीय भाषा मानावी की 'एकमेव', यावर कडाक्याचा वाद झाला आणि 'एक' वर तडजोड झाली. हा वाद एका उपपदाचा होता. मराठीत उपपदे नसल्याने त्याची धार पुरती उतरत नाही. १९२५ मध्ये विल्नात 'यिव्हो' ही संशोधनसंस्था स्थापन झाली. दरम्यान १९१३ च्या 'देर पिंकेस' या संशोधनपर संग्रहात श्मुएल निगर यांनी यिडिश वाङ्मय स्त्रीवाचकाने घडवले असा प्रबंध मांडला होता. दाबून टाकलेली गोष्ट उघडपणे मान्य करणारे हे मोठे पाऊल होते. मात्र स्त्रीला त्यांनी वाचक म्हणून पाहिले, लेखक म्हणून फारसे नाही. ती उणीव १९२८ मध्ये शिकागोत एझ्रा कोरमन यांनी भरून काढली. त्यांच्या 'यिडिशे दिख्तेरिन्स' या संकलनात सत्तर कवयित्री आहेत आणि त्यांचा आरंभ सोळाव्या शतकापासून होतो. आजोबांनी सुरू झालेल्या वंशावळीसमोर ही दुसरी वंशावळ तीनशे वर्षे मागे जाते.

शोलेम आलेखेमवर ठपका ठेवताना एक भान राखायला हवे. हामबुर्गच्या ग्लिकलने १६९१ पासून लिहिलेल्या आठवणी छापून आल्या त्या १८९६ मध्ये. कैरोतील हस्तलिखितांत सापडलेली १३८२ ची यिडिश काव्ये तर त्याच्या हयातीत कोणाला वाचायलाही मिळाली नव्हती. त्याला जुने वाङ्मय दिसणे शक्य नव्हते, हे अंशतः खरे आहे. पण 'त्सेने-रेने' दिसण्यासाठी संशोधनाची गरज नव्हती. तो ग्रंथ त्याच्या काळी जवळजवळ प्रत्येक घरात होता. तो दिसत असूनही वाङ्मय म्हणून दिसला नाही, आणि प्रश्न आहे तो याच अंधत्वाचा.

पुढचे सर्वज्ञात आहे. दुसऱ्या महायुद्धापूर्वी सव्वा कोटीच्या आसपास माणसे यिडिश बोलत. नाझींनी ठार केलेल्या साठ लाख ज्यूंपैकी बहुसंख्य यिडिशभाषक होते. सोव्हिएत संघात १२ ऑगस्ट १९५२ रोजी मार्किश, बेर्गेल्सन, होफश्तेयन, क्विटको आणि फेफर या लेखकांना गोळ्या घालण्यात आल्या. इस्रायलमध्ये हिब्रूच्या आग्रहापुढे यिडिशला निर्वासितांची भाषा म्हणून बाजूला सारले गेले, जरी सुत्सकेव्हेर यांचे 'दी गोल्देने केयत' हे त्रैमासिक १९४९ पासून १९९५ पर्यंत तेल अवीवमधून निघत राहिले. अमेरिकेत अनुवाद, नाटक आणि चित्रपट यांनी शोलेम आलेखेमला गोड, हळव्या लोककथाकाराचे रूप दिले. आजोबा निवडणारा नातू अशा रीतीने स्वतःच साऱ्यांचा आजोबा झाला, आणि त्याच्या गद्यातील कारागिरी 'लोकां'च्या नावाखाली झाकली गेली. १९७८ मध्ये आयझॅक बाशेविस सिंगर यांना नोबेल मिळाले तेव्हा जगातील बहुतेकांनी त्यांना इंग्रजीतूनच वाचलेले होते.

यिडिश संपली असे मात्र म्हणता येत नाही. न्यूयॉर्क, लंडन, अँटवर्प आणि जेरुसलेम येथील हसिदी वस्त्यांत काही लाख माणसे ती आज बोलतात, मुलांना शिकवतात, तिच्यात वर्तमानपत्रे छापतात. या वस्त्यांत मेंदेले किंवा पेरेत्झ सहसा वाचले जात नाहीत. धर्मनिष्ठांच्या दृष्टीने ते बहिष्कृतच आहेत. विद्यापीठांत यिडिश शिकणारे विद्यार्थी त्या त्रयीपासून आरंभ करतात आणि त्यांतील बहुतेकांच्या घरी ही भाषा बोलली जात नाही. एकाच भाषेचे हे दोन वाचकवर्ग परस्परांची पुस्तके क्वचितच उघडतात. हसिदी घरांतल्या बायकांसाठी 'त्सेने-रेने' मात्र अजूनही नव्याने छापली जाते.