गोठलेली बाटली आणि बडीशेपेचा अर्क



तुंगार्लीस राहणाऱ्याला लोणावळ्याच्या थंडीचें वर्णन करून सांगावें लागत नाहीं. गेल्या पौषांत एका सकाळीं मीं फडताळांतून बाद्यानाच्या, म्हणजे चक्रीफुलाच्या, तेलाची बाटली काढली, तों आंत पिठीसाखर दाटून बसावी तसें पांढरें झालेलें. मुखवासाकरितां ती पुण्याहून आणविली होती. दुकानदारानें मेण मिसळलें असा निष्कर्ष काढून मीं त्यास खरमरीत पत्र लिहिलें आणि तें पेटींत टाकूनही आलों. दुपारीं खिडकींत ऊन आलें, आणि तेल पूर्वींसारखें स्वच्छ व पातळ झालें! तेव्हां कोठें पुस्तकें उघडण्याची बुद्धि झाली.

या तेलांत शेंकडा ८० हून अधिक भाग एकाच द्रव्याचा असतो; त्याचें नांव अॅनेथोल. कर्बाचे १०, हायड्रोजनचे १२ आणि ऑक्सिजनचा १ अणु मिळून त्याचा रेणु होतो. सुमारें २१ अंश सेंटिग्रेडच्या खालीं तें गोठतें. म्हणूनच तेल किती थंडीला गोठतें हीच जुन्या औषधिसंहितांतून त्याच्या शुद्धतेची कसोटी ठरविली होती. १५ अंशांपर्यंत उतरूनही जें गोठत नाहीं, तें संशयित! माझी बाटली गोठली, हा दुकानदाराच्या प्रामाणिकपणाचा पुरावाच होता.

सोस्यूर यानें १८२० मध्यें या द्रव्याचें पृथक्करण केलें. १८४५ मध्यें गेरहार्ट या फ्रेंच रसायनशास्त्रज्ञानें त्याला हें नांव दिलें. आणि १८६६ मध्यें एर्लेनमायर या जर्मन पंडितानें त्याची खरी रचना सुचविली. नांवांत मात्र एक गंमत आहे. वनस्पतिशास्त्रांत ‘अनेथम’ हें नांव आपल्या शेपूकडे गेलें आहे, आणि शेपूचें बीं म्हणजे बाळंतशेप. तिचा वास मुख्यतः कार्व्होन नांवाच्या निराळ्याच द्रव्याचा असतो. अॅनेथोल विपुल सांपडतें तें जेवणानंतर चघळावयाच्या बडीशेपेंत. चक्रीफूल तर शेपूच्या कुळांतलेंही नव्हे. तें चीन व तोंकिनकडील झाडाचें फळ. परक्या कुळांत तोच सुगंध कसा उतरला, याचें मला अजून नवल वाटतें.

हें द्रव्य मद्यार्कांत सहज विरघळतें, पाण्यांत जवळजवळ नाहींच. त्यामुळें तुर्कांची राकी, ग्रीकांचें उझो किंवा अरबांचा अरक यांत पाणी घातलें कीं पेला दुधासारखा होतो. तेलाचे अतिसूक्ष्म थेंब सुटून प्रकाश विखुरतात, एवढेंच. राकीला तुर्क लोक ‘सिंहाचें दूध’ म्हणतात. आपण ‘अर्क’ म्हणतों तो शब्द याच अरबी ‘अरक’चा सोयरा, मूळ अर्थ घाम. ऊर्ध्वपातनाच्या भांड्याच्या झांकणावर जमणारे थेंब ज्यानें पाहिले आहेत, त्याला हा अर्थ निराळा समजावून सांगावयास नको.

अशा अर्काच्या बाटलीवर आपल्या इलाख्यांत एकदां मोठाच प्रसंग आला होता. १९४९ च्या मुंबई दारूबंदी कायद्यांत ‘दारू’ची व्याख्या इतकी व्यापक होती, कीं मद्यार्कयुक्त औषधें व सुगंधी द्रव्येंही तींत सांपडत. एफ्. एन्. बलसारा या मुंबईकर गृहस्थांनीं न्यायालयांत दाद मागितली. सर्वोच्च न्यायालयानें २५ मे १९५१ रोजीं दारूबंदी कायम ठेविली, परंतु औषधें व प्रसाधनें बाळगण्या-वापरण्यावरील बंदी अवास्तव म्हणून रद्द केली. व्हिस्की एकीकडे आणि औषधाची बाटली दुसरीकडे, अशी ती वांटणी झाली. मद्यार्क दोहोंत एकच. न्यायाधीशांनीं पाहिला तो त्याचा उपयोग. दारूबंदीचा मी स्वतः अभिमानी आहें, तरी हा निवाडा मला रास्त वाटतो.

दुकानदाराला मीं दुसरें पत्र धाडलें, क्षमेचें. चार दिवसांनीं उत्तर आलें : दर हिंवाळ्यांत अशीं पांच-सहा पत्रें येतात, बाटली कोमट पाण्यांत ठेवावी.